बोंकारबाबाच्या कबरीवरचं वाचन

आमच्या ख्रिस्ती मंडळीच्या डीकन यादेरचा आवाज एवढा दांडगा, की रविवारी तो स्तोत्र म्हणू लागला म्हणजे वेशीबाहेरच्या डबक्यातले बेडूक ओशाळून गप्प बसत. एकदा म्हणे त्याच्या 'आमेन'नं शेजारच्या मूर्तिपूजक तेल्याचा रांजण तडकला. तेली भांडायला आला आणि बाप्तिस्मा घेऊन परत गेला. खरंखोटं तेल्याला ठाऊक; पण आवाज होता, एवढं आमचं अख्खं तागूरा गाव शपथेवर सांगेल.

असला आवाज आपल्याविरुद्ध उठला, तर माणसानं जायचं कुठं?

अरिशुतवर ती वेळ आली होती. पाच वर्षांपूर्वी बादशहाचा हुकूम सुटला: ख्रिस्ती लोकांची पुस्तकं गोळा करा आणि जाळा. आमच्या मंडळीची पुस्तकं रविवारी ती वाचून दाखवणाऱ्या वाचकाच्या घरी असत, आणि वाचक होता मिग्गिन, अरिशुतचा नवरा. त्या एका दिवसात तीन गोष्टी झाल्या. बाजारात सुवार्तेचं पुस्तक जळलं. म्हाताऱ्या बोंकारनं बादशहाच्या नावानं धूप जाळायचं नाकारलं, म्हणून त्याचं मुंडकं उडालं. आणि मिग्गिनला कोठडीत टाकलं, तिथं तो तिसऱ्या दिवशी मेला. बोंकारचा 'बोंकारबाबा' झाला, हुतात्मा म्हणून त्याची कबर चुन्यानं पांढरी केली गेली. मिग्गिनचं काय करायचं, हा प्रश्न मंडळीला पडला. तेव्हा यादेर उठला आणि गळा भरून म्हणाला, "भावांनो, सांगताना जीभ अडखळते. मिग्गिननं पुस्तक आपल्या हातानं दिलं. मग लाजेनं मेला बिचारा."

'पुस्तक देणारा' ही आमच्याकडे खुन्यापेक्षा वाईट शिवी. खुन्याला पश्चात्तापाची वाट असते: काही वर्षं दारात उभं राहायचं, मग आत घेतात. पुस्तक देणाऱ्याचं नाव प्रभुभोजनाच्या वेळी मृतांच्या यादीतून पुकारत नाहीत. तो कधी जन्मलाच नव्हता, असं समजतात. पाच वर्षं दर रविवारी यादी वाचली गेली. त्यात अमक्याची आजी असे, तमक्याचं दोन दिवसांचं लेकरू असे, मिग्गिन नसे. अरिशुत दाराबाहेर उभी राहून ऐकायची आणि घरी जायची. बायका विहिरीवर तिला पाहून घागर दुसऱ्या कमरेवर घेत.

"माझ्या नवऱ्यानं दिलं नाही," ती सांगायची.

"तू होतीस का तिथं?"

नव्हती ती. चौकशी नगराधिकाऱ्याच्या वाड्यात, बंद दाराआड झाली होती.

तिला वाट सापडली ती वेनुस्तच्या पोटातून. वेनुस्त कचेरीतला म्हातारा लेखनिक. हात असा चपळ, की अधिकारी बोलून संपायच्या आधी याचं लिहून झालेलं असे. उभ्या जन्मात ना आमच्या देवाला मानलं ना त्यांच्या. मानलं ते फक्त पोटाला, आणि म्हातारपणी नेमकं पोटच उलटलं. अरिशुत चौकात जवाची लापशी विकायची, तेवढीच त्याला पचायची.

एका सकाळी वाटी चाटत तो म्हणाला, "तुझ्या लापशीला तोड नाही, पोरी. आणि तुझ्या डीकनच्या तोंडाला तोड नाही. तुझ्या नवऱ्याचं घर दाखवायला आला तेव्हा केवढा हळू बोलत होता! पडद्यामागं मला कान टवकारावे लागले."

अरिशुतचा पळा लापशीतच राहिला.

"काय म्हणालात?"

"अगं, तुला माहीत नाही?" वेनुस्तची वाटी खाली आली. "मला वाटलं, तुम्ही लोक क्षमा करता, म्हणून गप्प आहात."

मग त्यानं सगळं सांगितलं. साहेब दिवाणखान्यात बोलत असला तरी लेखनिक पडद्यामागं बसलेला असतो. बोललेलं सगळं उतरतं. साहेब शिंकला तर शिंकही उतरते. "लोकांना वाटतं, कोर्टात बोललं तेवढंच लिहितात. साहेबाच्या घरी येऊन चहाडी करणारे म्हणून तर मोकळे बोलतात."

त्यानंतर महिनाभर अरिशुतनं मनातल्या मनात निरनिराळे सूड शिजवून पाहिले. विषारी अळंब्या घालाव्यात, तर यादेर तिच्या हातचं खात नव्हता. घर पेटवावं, तर भिंतीला भिंत लागून एका आंधळ्या विधवेचं घर. विंचू आणून त्याच्या जोड्यात सोडावा, असं ठरवून तिनं खरोखरच एक विंचू मडक्यात पाळला. चार दिवसांनी विंचू मेला आणि हिला त्याचंच वाईट वाटलं. प्रत्येक सुडात एकच खोट होती. यादेर मेला असता, आणि गावानं त्याचीही कबर पांढरी केली असती.

तेवढ्यात गावात बातमी आली: आमचा बिशप वारला होता, आणि त्याच्या जागी त्याच्या हाताखालच्या यादेरचं नाव निघालं होतं. बोंकारबाबाच्या पुण्यतिथीला शेजारगावचा थोरला बिशप येणार आणि कबरीपाशीच यादेरच्या डोक्यावर हात ठेवून त्याला बिशप करणार. दिवस आणखी गाजावा म्हणून यादेरनं एक बेत केला होता. बोंकारबाबाच्या चौकशीची सरकारी नोंद कचेरीतून मिळवायची आणि त्या दिवशी पहिल्यांदाच वाचायची. तो वेनुस्तकडे जाऊन नक्कल सांगूनही आला.

वेनुस्तनं हे सांगितलं तेव्हा अरिशुत बराच वेळ चूल फुंकत राहिली.

"आजोबा, नक्कल बोंकारबाबाची मागितलीय?"

"हो."

"त्या दिवशी जेवढं बोललं गेलं, ते सगळं एकाच गुंडाळीत आहे?"

"एक दिवस, एक गुंडाळी. कचेरीचा नियम."

"मग त्याला बोंकारबाबाची देऊ नका. अख्खा दिवस द्या. पहाटेपासून."

म्हाताऱ्यानं तिच्याकडे पाहिलं. त्याच्या तोंडात दात दोनच, पण दोन्ही दिसले. "लापशीत मध घालशील?"

"मरेपर्यंत."

"तू मरेपर्यंत का मी?"

"जो आधी जाईल तो."

आता कुणी विचारील, यादेर आधी उघडून बघणार नाही का? इथंच तर गंमत आहे. हुतात्म्यांच्या खोट्यानाट्या कहाण्यांचं तेव्हा पीक आलं होतं. एका गावानं आपल्या हुतात्म्याला सहा वेळा मारून सात वेळा उठवला होता. म्हणून यादेरनंच मंडळीत दोन नियम घालून दिले होते. नोंदीवरचा कचेरीचा शिक्का सगळ्यांसमोर फुटला पाहिजे, म्हणजे कुणी आत काही घुसडलं असं म्हणणार नाही. आणि वाचन सुरू झालं की थांबवायचं नाही. मधेच थांबणं म्हणजे हुतात्म्याच्या तोंडावर हात ठेवणं. शिवाय आमची अक्षरं एकमेकांना खेटून चालतात, मधे मुंगीला वाट नाही; तोंडानं म्हणत गेल्याशिवाय पुढं काय येतंय ते वाचणाऱ्यालाही कळत नाही. मिग्गिन आदल्या दिवशी चारदा म्हणून बघायचा. यादेर एकदाही बघायचा नाही. तो म्हणे, "मला काय गरज? अक्षरंच माझ्या तोंडाकडे धावत येतात."

पुण्यतिथीला सकाळीच कबरीभोवती सतरंज्या पडल्या. कबरीच्या भोकातून बोंकारबाबाला द्राक्षारस पाजला गेला. जिता असताना म्हातारा थेंबाला शिवत नसे, पण मेलेल्याला विचारतो कोण. थोरला बिशप खुर्चीवर बसला. अरिशुत कुंपणाच्या भिंतीबाहेर उभी होती. आत यायची तिला बंदी होती, ऐकायची नव्हती.

वेनुस्तनं गुंडाळी आणली. शिक्का सगळ्यांना दाखवला, मग यादेरनं तो अंगठ्यानं फोडला. घसा साफ केला. झाडावरची कबुतरं उडाली.

"अमुक वर्षी, अमुक दिवशी, तागूरा नगरी, अधिकाऱ्यांच्या वाड्यात, सूर्योदयापूर्वी," त्यानं सुरू केलं. "एक इसम आपण होऊन हजर झाला. अधिकारी म्हणाले: तू कोण? तो म्हणाला: मी ख्रिस्ती मंडळीचा डीकन, या—"

आवाज विहिरीत पडलेल्या दगडासारखा नाहीसा झाला.

"या कोण?" बिशपनं कानाला हात लावून विचारलं.

यादेरनं गुंडाळी भराभरा चार वेढे पुढं सरकवली आणि घाईनं म्हणाला, "बोंकारला पुढं आणलं. अधिकारी म्हणाले—"

"डीकनसाहेब," वेनुस्त मागून अदबीनं म्हणाला, "काही ओळी सुटल्या."

"त्या महत्त्वाच्या नाहीत."

"मी लिहिल्यात हो. माझ्या हाताचा मान ठेवा."

"वाच की!" मागून एक कुंभार ओरडला. "तूच म्हणतोस, मधे थांबायचं नाही."

"हुतात्म्याच्या तोंडावर हात ठेवतोस काय?" एका बाईनं साथ दिली. मग पाठोपाठ सगळेच "वाच, वाच" करू लागले. आमच्या लोकांना एकदा ओरडायची संधी मिळाली की मागं हटणं ठाऊक नाही. यादेर घामानं निथळत उभा. बिशप शांतपणे म्हणाला, "बाळ, वाच. का दुसऱ्या कुणाला देऊ?"

दुसऱ्याच्या तोंडून ऐकण्यापेक्षा आपल्या तोंडून बरं, असं त्याला वाटलं असावं. नाहीतर नुसती सवय असेल. त्यानं वेढे मागं घेतले आणि वाचलं.

"मी डीकन यादेर. अधिकारी म्हणाले: पुस्तकं कुठं आहेत? यादेर म्हणाला: साहेब, माझ्याकडे नाहीत. माझ्या घरी येण्याची तसदी घेऊ नका. वाचक मिग्गिन याच्याकडे आहेत. तेलघाण्यामागचं तिसरं घर. पलंगाखाली शोधू नका, पिठाच्या कोठीत शोधा. अधिकारी म्हणाले: तुझं यात काय? यादेर म्हणाला: साहेबांची कृपा. अधिकारी शिंकले."

कुणी हसलं नाही.

"मिग्गिनला आणलं. कोठीतलं पुस्तक शिपायांनी समोर ठेवलं. अधिकारी म्हणाले: हे आपल्या हातानं मला दे, आणि घरी जा. मिग्गिन म्हणाला: तुम्ही घेतलंय. मी देणार नाही. अधिकारी म्हणाले: उचलून दे, एवढंच. मिग्गिन म्हणाला: नाही. त्याला फटके मारले. अधिकारी म्हणाले: देतोस? मिग्गिन म्हणाला: नाही. पुन्हा मारले. मिग्गिन म्हणाला: माझी बायको वाट बघत असेल. पण नाही."

भिंतीबाहेर अरिशुत खाली बसली. पाच वर्षांत ती पहिल्यांदा नवऱ्याचं बोलणं ऐकत होती, आणि तेही त्या दांडग्या आवाजात.

यादेरनं पुढं बोंकारबाबाचंही सगळं वाचलं. ते कुणी ऐकलं असेल असं मला वाटत नाही. शेवटचा शब्द संपला, तशी कुंभारानं वाकून एक धोंडा उचलला. मग दुसऱ्यानं. बायकांनीही पदरात गोळा केले.

"थांबा!" अरिशुत भिंतीच्या फटीतून आत आली. कुणी तिला अडवलं नाही. विहिरीवर घागर दुसऱ्या कमरेवर घेणाऱ्या एका बाईनं सतरंजीवर जागा केली. अरिशुत बसली नाही.

बिशप उठला. "मुली, या मंडळीनं तुझा अपराध केला. काय हवं तुला?"

"बाबा, आधी नाव पुकारा. यानंच पुकारायचं."

यादेरनं पुकारलं. "मिग्गिन, वाचक." ते इतकं हळू निघालं, की अरिशुत म्हणाली, "बोंकारबाबाला ऐकू गेलं नाही." तेव्हा त्यानं पुन्हा पुकारलं, आणि सगळ्यांनी 'आमेन' म्हटलं.

"आता याला हाकलतो मी," बिशप म्हणाला. "की क्षमा करतेस?"

यादेर गुडघ्यावर आला. "वहिनी, मी घाबरलो होतो गं."

"तोही घाबरला असेल," ती म्हणाली. मग बिशपकडे वळली. "हाकलू नका, बाबा. हाकललंत तर दुसऱ्या गावात जाऊन बिशप होईल, आवाज आहे त्याला. आणि दगड मारलेत तर दुपारपर्यंत संपेल. मला एवढ्यात संपवायचं नाही. डीकनपद काढून घ्या, पश्चात्तापवाल्यांबरोबर दारात उभा करा. आणि दर वर्षी या दिवशी ही गुंडाळी यानंच वाचायची. पहाटेपासून."

"आणि क्षमा?"

"करणार आहे. त्याचं वाचून झालं की."

"कधी व्हायचं ते?"

"ते मी सांगीन."

बिशपनं बराच वेळ दाढी कुरवाळली. त्याला हे पटलं नव्हतं. शेवटी तो म्हणाला, "तसं होऊ दे." धोंडे एकेक करून खाली पडले.

तेव्हापासून यादेरनं चौदा पुण्यतिथ्या वाचल्या. आसपासच्या सात गावांतून लोक ऐकायला यायचे, येताना लेकरांना घेऊन यायचे. पोरं खेळात अधिकाऱ्याची शिंक शिंकू लागली. अरिशुत पहिल्या सतरंजीवर बसायची, डोळे मिटायची, आणि "पण नाही" आल्यावर उघडायची.

पंधराव्या वर्षी, आदल्या दिवशी दुपारी, यादेर काठी टेकत तिच्या दारात आला. डोकं पांढरं झालेलं, पाय सुजलेले.

"वहिनी, यंदा होणार नाही. घशातून आवाज फुटत नाही. यंदा तरी सोड."

अरिशुतनं त्याला उंबऱ्यावर बसवलं. आत गेली, आणि ज्येष्ठमधाची एक जाड काडी सोलून त्याच्या हातात ठेवली.

"रात्रभर चघळ," ती म्हणाली. "सकाळपर्यंत घसा मोकळा होतो."