अक्षरं बसली

गुलाबनं कॉम्प्युटरला द्यायच्या आज्ञेच्या ओळीचा कंस पुरा केला, ती मांडीवरच्या जाड पुस्तकातल्या ओळीशी ताडून पाहिली आणि कळ दाबली. पडद्यावर शेजारच्या रकान्यात एक नाव उमटलं. नाव तेच होतं, इंग्रजी अक्षरंही तीच. फक्त पहिलं अक्षर मोठं राहिलं होतं आणि मागची सगळी लहान झाली होती.

तिनं वळून दाराकडे पाहिलं. जेवणाची सुट्टी होती, खोलीत कुणी नव्हतं. पुस्तकाचं पान तिनं पुन्हा एकदा वाचलं आणि तीच ओळ खालच्या सगळ्या नावांना लावायची आज्ञा दिली, पार रकान्याच्या तळापर्यंत. पडद्याच्या कोपऱ्यात 'थांबा' अशा अर्थाचा इंग्रजी शब्द लुकलुकू लागला. तिनं श्वास घेतला, आणि तो सोडायच्या आत शब्द विझला.

खाणीतल्या साऱ्या कामगारांची नावं बदलली होती.

ती एकेक पडदा खाली सरकवत गेली. कोळसा भरणारे, लाकडी टेकू लावणारे, पंपावरचे, दिवाघरातले. ज्यांची नावं तिनं अडीच महिने खपून एकेक कळ दाबत भरली होती ते सगळे. एकही सुटला नव्हता. गुलाबच्या हातांवर काटा आला. तो काही थंड हवेच्या यंत्रामुळे नव्हता, त्याची तिला आता सवय झाली होती.

हे १९८८ सालचं. बल्लारपूरच्या अलीकडं रेल्वेरुळाला लागून ही कोळशाची खाण होती आणि तिच्या हापिसात त्या हिवाळ्यात कॉम्प्युटर आला होता. आला तेव्हा नारळ फुटला, त्याच्या डोक्यावर कुंकू लागलं, आणि खोलीत चपला घालून यायचं नाही असा नियम झाला. बाहेर एप्रिल पेटलेला असताना आत ही थंडी, त्यामुळे मोठमोठे साहेब काहीतरी निमित्त काढून मोज्यांवर आत येत आणि कॉम्प्युटरची विचारपूस करत बसत. कॉम्प्युटरला हात मात्र फक्त गुलाब खोब्रागडे लावायची. टायपिंगची परीक्षा पास झालेली, चंद्रपूरच्या कॉलेजात शिकलेली, आणि रोजंदारीवरची.

नावं सगळी मोठ्या अक्षरांत भरायची, हे हेडक्लार्क हरिदासभाऊंनी ठरवलं होतं. त्यांची सारी हयात टाइपरायटरवर गेली होती.

"नाव हाय ते मानसाचं," ते म्हणाले होते. "बारक्या अक्षरात काऊन लिवाचं? मोठंच पाह्यजे."

तिनं तशीच भरली. पण नागपूरच्या मुख्य कचेरीनं यादी परत पाठवली. नवी ओळखपत्रं छापायची आहेत, पहिलं अक्षर मोठं आणि बाकी लहान असंच पाहिजे, सगळं पुन्हा करा. हरिदासभाऊंनी तो कागद वाचला तेव्हा चेहरा पाडायच्या ऐवजी ते हसले होते. वर्षात ठरलेली हजेरी भरली की रोजंदारीचं माणूस कायम होण्याच्या रांगेत लागतं, असा नियम होता. गुलाब कॉम्प्युटर यायच्या आधीपासून टाइपरायटरवर होती, तरी तिची हजेरी थोडक्यात अडली होती, कारण काम संपत आलं होतं. आता महिन्याभराचं काम आयतं चालून आलं. हरिदासभाऊंनी त्याच दिवशी तिला महिनाभर ठेवायला साहेबांची सही घेतली. गुलाबची आई बायनाबाई बल्लारपूरच्या बाजारात भाजी घेऊन बसायची. तिनं तर आजूबाजूच्या बायांना सांगूनही टाकलं होतं, "माही पोरगी आता पक्की होते."

आणि त्या महिन्याभराचं काम एका श्वासात झालं होतं.

 गुलाबला आनंद झाला की भीती वाटली, ते तिचं तिलाही सांगता आलं नसतं. बराच वेळ ती नुसती पाहत राहिली. मग बाहेर चपलांचा आवाज झाला तसा तिनं तो रकाना पुसून टाकला, पुस्तक कपाटात ठेवलं, आणि पहिल्या नावापासून एकेक अक्षर हातानं भरायला लागली.

त्या दिवसापासून ती अशी वागू लागली, जणू घरात कुणाला न सांगता मांजराचं पिल्लू पाळलंय. दिवसभर हातानं नावं भरायची, मुद्दाम सावकाश. दुपारी खोली रिकामी झाली की दूरच्या कोऱ्या रकान्यात ती ओळ लिहायची, खालपर्यंत उतरवायची, पाहायची, आणि पुसायची. रोज. पाहून काही मिळणार नव्हतं. पण पाहिल्याशिवाय घास गोड लागत नव्हता. इंग्रजी मोठी अक्षरं म्हणजे हजेरीला ताठ उभे राहिलेले लोक. आणि क्षणात पहिलं तेवढं उभं, बाकीचे खाली, पंगतीत वाढपी उभा आणि लोक बसलेले असावेत तसे. इतकं सुंदर काहीतरी आपल्या हातून होतं आणि ते कुणाला दाखवायचं नाही, याचा तिला रात्री अंथरुणावर अक्षरशः त्रास व्हायचा.

एका दुपारी दारात लटारू आत्राम उभा राहिला. खाणीत छताला लाकडी टेकू लावण्याचं काम करणारा, केस पिकलेला, गडचिरोलीकडच्या जंगलातून तरुणपणी इकडं आलेला. पहिली पाळी संपवून आला होता. चपला त्यानं बाहेर काढल्या होत्या, पण पायांनाच एवढा कोळसा होता की उंबरठ्याच्या आत पाऊल टाकायला तो धजेना.

"बाई, नवे कार्ड येऊन राह्यले म्हन्ते. माह्यं नाव हाय का त्याच्यात?"

"आहे न लटारूभाऊ. या, दाखवते."

"पाय खराब हायेत."

"असू द्या. पुसून घेईन मी."

तो टाचा उचलून, जणू कुणी झोपलेलं आहे अशा बेतानं आत आला. गुलाबनं त्याचं नाव शोधलं आणि पडद्यावर बोट ठेवलं. लटारू वाकून पाहू लागला. त्याला वाचता येत नव्हतं हे तिला ठाऊक होतं, त्यालाही ठाऊक होतं की तिला ठाऊक आहे. तरी तो पाहत होता, आपल्या गावाचा डोंगर दुरून पाहावा तसा.

गुलाबला राहवलं नाही. खरं तर ती इतके दिवस कुणीतरी यायचीच वाट पाहत होती.

"एक गंमत दाखवू?" ती म्हणाली. "इथं पाहत राहा."

तिनं ओळ लिहिली, खालपर्यंत उतरवली. कोपऱ्यातला शब्द लुकलुकला, विझला.

लटारू दचकून मागे सरला. मग पुन्हा पुढं वाकला. वरून खाली, खालून वर त्याची नजर फिरली.

"बसले!" तो म्हणाला. "अवं बाई, सगळेच्या सगळे बसले न!"

"हो. बसले."

"तू काई बोलली का त्याइले?"

"एकदाच सांगितलं."

"आन् सगळ्याइनं आयकलं?" लटारूनं कपाळावर हात नेला, तिथं कोळशाचा नवा पट्टा उमटला. "आमच्या पाळीत धा मानसाइले बसा म्हन्लं तर अर्धे उभेच राह्यते."

दोघंही हसली. गुलाबला हसताना डोळ्यांत पाणी आलं, आणि इतके दिवस छातीवर ठेवलेलं ओझं कुणीतरी दुसऱ्या बाजूनं उचलावं तसं वाटलं. तो गेल्यावर तिनं फरशी पुसली. लटारूला 'कुणाला सांगू नका' म्हणायचं राहून गेलं. आठवलं असतं तरी ती म्हणाली असती की नाही, कोण जाणे.

दुसऱ्या दिवशी सकाळी हरिदासभाऊ तिच्याआधी दाराशी हजर होते.

"तो लटारू साऱ्या खानीत सांगून राह्यला. खिडकीतून पाहाले लोक येऊन राह्यले." त्यांनी आवाज खाली आणला. "खरं हाय का?"

गुलाबनं मान डोलावली.

"कवापासून?"

"कागद वापस आला, त्याच आठवड्यापासून."

 हरिदासभाऊंनी चष्मा काढून सदऱ्याच्या टोकाला पुसला. "आयक. साहेब येऊन राह्यले इचाराले. तू काई बोलू नको. मी सांगतो. थोडेच दिवस राह्यले तुह्या हजेरीचे, निंगून जातीन."

ते बोलत होते तोवर साहेब आलेच. कामगारांचं सगळं पाहणारे हे अधिकारी नागपूरचे, नवे, स्वभावानं बरे. बूट काढून आत आले. मागे दारात चार-पाच कामगार थबकले आणि त्यांच्या पुढं लटारू, आज पाय घासून धुतलेले.

"काय हो हरिदासभाऊ," साहेब हसत म्हणाले, "मी ऐकतो ते खरं का? एका फटक्यात सगळी नावं होतात म्हणे?"

"कायचं साहेब! एकेक अक्षर हातानंच करावं लागते. म्हैना तं लागनच."

"हा लटारू तर सांगतो..."

"त्याले काय समजते साहेब? अंगठा लावनारा मानूस. कॉम्प्युटरची खोली पाह्यली, थंडी वाजली, काईबाई दिसलं असन त्याले."

मागचे कामगार हसले. साहेबही हसले, सहज. लटारू हसला नाही. "म्या पाह्यलं जी," तो हळूच म्हणाला. "बसले होते सगळे." त्यावर पुन्हा हशा झाला. लटारूनं मान खाली घातली आणि तो आपल्या धुतलेल्या पायांकडे पाहू लागला. काल पाहिलेलं आपण खरंच पाहिलं की नाही, अशी शंका त्याच्या तोंडावर दिसायला लागली होती.

गुलाबला तेवढं मात्र बघवेना. आईचा बाजारातला चेहरा तिच्या डोळ्यांपुढं आला, भाजीवर पाणी शिंपडत बायांना सांगणारा. तिनं खुर्ची पुढं ओढली.

"लटारूभाऊ बरोबर सांगतात, साहेब," ती म्हणाली. "एका फटक्यात होतात."

"गुलाब..." हरिदासभाऊ म्हणाले.

तिनं ओळ लिहिली. कंस दोनदा चुकला.  मग तिनं आज्ञा दिली, आणि दारातले लोक साहेबांना विसरून आत घुसले.

 गुलाब पडदे खाली सरकवत राहिली. नावं जात राहिली, सगळी बसलेली.

"वा!" साहेब अखेर म्हणाले. "म्हणजे हे आजच झालं की! नागपूरला फोनच करतो." दाराशी बूट घालता घालता ते वळले. "फार चांगलं काम केलंस. उद्यापासून मग यायची गरज नाही तुला. पुढं काही निघालं तर हरिदासभाऊ कळवतील." त्यांनी हे अगदी मनापासून, कौतुकानं म्हटलं. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं.

कामगार त्यांच्यामागं पांगले. लटारू तेवढा दारापाशी राहिला. काहीतरी बिघडलं आहे हे त्याला कळलं होतं, काय ते कळत नव्हतं.

"काऊन केलं तू असं?" हरिदासभाऊंचा आवाज चिरकला. "तुह्यासाठी साहेबापाशी खोटं बोललो मी. जिंदगीत पह्यल्यांदा."

"लटारूभाऊले खोटं पाडलं तुमी, भाऊ. त्यायनं खरंच पाह्यलं होतं." ती थांबली. "आन् मले एकटीले सहन नाई होत होतं. येवढं मोठं, आन् एकटीच पाहून राह्यली होती मी."

हरिदासभाऊ आणखी काही बोलणार होते. रागाचे शब्द त्यांच्या तोंडात तयार होते. पण त्याआधीच त्यांची नजर पडद्यावर गेली आणि तिथंच राहिली. एकेका नावासाठी टाइपरायटरवरची मोठ्या अक्षराची ती जड कळ त्यांनी डाव्या करंगळीनं किती वेळा दाबली असेल, त्या करंगळीचं पेर आता वाकडं झालं होतं. ते जवळ सरकले. चष्मा वर सारून पाहिलं, खाली करून पाहिलं. तोंड किंचित उघडं राहिलं.

"गड्या, माहं ध्यान साहेबाकडं होतं," ते म्हणाले. "मले नीट नाई दिसलं." मग, लहान मुलासारखं, "अजून एक खेप कर न."

गुलाबनं रकाना पुसला. मग दाराकडे पाहून म्हणाली, "लटारूभाऊ, आत या. तिथून नाई दिसत."