बहिष्कार आणि अक्कलदाढ

दातांच्या डॉक्टरीणबाई दर रविवारी वर्तमानपत्रात सदर लिहायच्या आणि धर्माच्या नावाने धाक घालणाऱ्यांची त्यात बिनपाण्याने करायच्या. "देवाशी माझं भांडण नाही," त्या म्हणत, "त्याच्या स्वयंघोषित रखवालदारांशी आहे." त्यातल्या सर्वांत तापट रखवालदाराला सगळे सेनापती म्हणत. वाचनालयातली कोणती पुस्तकं काढून टाकायची याची यादीच त्याने केली, तेव्हा बाईंनी सलग तीन रविवार त्याला धारेवर धरलं. त्याने फर्मान काढलं: बाईंच्या दवाखान्याची पायरी कुणी चढायची नाही.

दहा दिवस दवाखाना ओस पडला. बाई आणि मदतनीस ताई शब्दकोडी सोडवत बसल्या. "बरं झालं," बाईंचे यजमान म्हणाले, "जेवायला वेळेवर येतेस." बाई हसल्या खऱ्या, पण रिकाम्या बाकांवरची धूळ रोज स्वतः झटकत राहिल्या.

अकराव्या दिवशी दुपारी जिन्यात कुजबूज ऐकू आली. आधी एक सत्तरीच्या आजी वर आल्या आणि त्यांच्यामागे रुमालाने गाल झाकलेला सेनापती.

"आई, दुसरा डॉक्टर बघू..."

"दुसरा परगावी गेलाय. तीन रात्री घर डोक्यावर घेतलंस. बस गुमान!"

सेनापती खुर्चीत बसला. बाईंनी दिवा ओढून पाहिलं. अक्कलदाढ आडवी आली होती.

"काढावी लागेल. चालेल ना?"

त्याने डोळे मिटून मान हलवली. भूल दिल्यावर ताई बाईंच्या कानाशी लागली. "आता सुनवा की चार शब्द! आयताच सापडलाय."

"छे," बाई म्हणाल्या. "ज्याला उत्तर देता येत नाही, त्याच्याशी वाद कसला?"

सेनापतीने डोळे उघडून त्यांच्याकडे टकामका पाहिलं. पाऊण तासात दाढ बाहेर आली. "उद्यापर्यंत फार बोलू नका," बाईंनी बजावलं.

"देव पावला!" आजी म्हणाल्या.

खाली उतरल्यावर आजींनी अख्ख्या गल्लीला बातमी सांगितली. दुसऱ्या दिवशी बाकं भरली. सेनापतीनेच बहिष्कार मोडला म्हटल्यावर बाकीच्यांनी कशाला दुखणं सोसायचं?

आठवड्याने तो टाके काढायला आला. जाताना खिशातून आठ पानं काढून टेबलावर ठेवली. "तुमच्या लेखाला उत्तर आहे. पेपरवाले छापणार नाहीत, ठाऊक आहे मला."

बाईंनी उभ्या-उभ्या वाचलं. बरंच पटलं नाही, पण एके ठिकाणी तो बरोबर होता. त्याच्या सभेची तारीख त्यांनी चुकीची लिहिली होती. त्यांनी तिथेच संपादकांना फोन लावला.

रविवारी दोघांचे लेख शेजारी-शेजारी छापून आले. बाईंनी चुकीची कबुली दिली होती आणि यादीवर पुन्हा कडाडून टीका केली होती. आता वाचकांची पत्रं येऊ लागली. सेनापतीला एकेकाला उत्तर लिहिता-लिहिता नाकी नऊ आले. उत्तर द्यायचं म्हणून त्याने यादीतली पुस्तकं वाचनालयातून आणवली आणि पहिल्यांदाच वाचायला घेतली. महिन्याभरात यादीतली सहा नावं कमी झाली. उरलेल्या नऊंवर दोघांची अजून जुंपलेली असते, दर रविवारी, अगदी हिरिरीने.