हालचाल नाही

आत्यांनी मनगटावरचा पट्टा सोडला, टेबलावर ठेवला आणि हात चटकन पर्समागे लपवला. आठवडाभर घातलेल्या पट्ट्याचा वळ उठायला हवा होता. इथे मनगट कसं, नुकत्याच धुतलेल्या बशीसारखं कोरं! पट्टा बांधून त्यांना जेमतेम दहा मिनिटं झाली होती, तीही खालच्या जिन्यात. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते काही खोटं नाही.

समोरच्या मुलीचं तिकडे लक्ष नव्हतं. उतारवयातली झोप आणि मनाची अवस्था यांवर तिचं संशोधन चाललं होतं. तिने पट्ट्याला वायर जोडली आणि पडद्यावर रेघा उमटायची वाट बघत बसली. टेबलाखाली आत्यांचा पाय हलत होता. तो कायमच हलायचा. टेलिफोन एक्स्चेंजमध्ये उभा जन्म नाइट ड्युटी केलेल्या बाईला निवृत्तीनंतर पेन्शन मिळालं, झोप काही मिळाली नाही. रात्री सगळीकडे सामसूम झाली की त्यांच्या पायाला भिंगरी लागायची. मग दार ओढून घ्यायचं, खाली गल्लीत फेऱ्या मारायच्या आणि जीव जरा थाऱ्यावर आला की परत येऊन आतून कडी लावायची.

वहिनींचं बरं होतं. शेजारच्या पलंगावर भिंतीकडे तोंड करून नुसता ओंडका. आत्यांचा भाऊ गेल्यापासून नणंद-भावजय दोघीच त्या घरात राहत होत्या. वहिनी बालवाडीच्या बाई. दुपारी मुलांना निजवायचं तर आधी आपण डोळे मिटून गप्प पडायचं, मग बघून बघून मुलं झोपतात, हे त्यांचं शास्त्र. त्या सवयीने पाठ टेकली की आपला डोळा लागतोच, असं त्या सगळ्यांना सांगायच्या.

त्यांच्या मुलाला हे पटत नव्हतं. मागे राहायला आला असताना एका रात्री त्याने आत्याला गल्लीत पाहिलं आणि सकाळी चहाच्या आधीच फर्मान काढलं.

"आत्या, तुझ्यामुळे आईची झोपमोड होते. झोपेची एक तपासणी चालू आहे, तीत तुझं नाव घालतो. काही वेडंवाकडं निघालं तर आईला मी घेऊन जाणार."

"आणि मी?"

"तुझं बघू."

हे 'बघू' आत्यांना काट्यासारखं सलत राहिलं. या वयात माणसाचं 'बघू' म्हणतात, तेव्हा कुणीच काही बघणार नसतं. वहिनी गेल्या तर त्या घरात राहणार काय? दोन पलंग आणि एक म्हातारी.

म्हणून पट्टा मिळाला त्याच संध्याकाळी त्यांनी तो वहिनींपुढे धरला होता.

"वहिनी, आठवडाभर तू घाल हा."

"नको बाई, वन्सं. यंत्राशी कसली लबाडी?"

"अगं, हालचाल मोजतं ते. तू झोपेत हलतेस का कधी?"

वहिनींनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा पुसला.

"नाही हलत," असं म्हणून त्यांनी हात पुढे केला.

पडद्यावर आता रेघा आल्या होत्या. मुलगी म्हणाली, "वा, आजी! हालचाल जवळजवळ नाहीच."

आत्यांचा पाय थांबला. जिंकलो, असं त्यांना वाटलं. भाच्याला आता तोंडावर सांगता येणार होतं.

"पण गंमत बघा. पट्टा नाडीचे ठोकेही मोजतो. अंग हलत नाही, पण हे ठोके झोपलेल्या माणसाचे नाहीत. तुम्ही रात्रीच्या रात्री जाग्या असता."

"छे! काहीतरीच."

"आणि रोज मध्यरात्रीनंतर ठोके एकदम चढतात. बराच वेळ तसेच. मग एका क्षणी झपकन उतरतात. पहाटे कुठे थोडी झोप लागते. शुक्रवारी तर फारच लांबलं. शुक्रवारी काही घडलं होतं का?"

शुक्रवारी आत्या वॉचमनशी बोलत बसल्या होत्या. त्याच्या मुलीचा निकाल लागला होता आणि गप्पांच्या नादात परतायला उशीर झाला होता. वर आल्यावर त्यांनी नेहमीसारखी हळूच कडी लावली होती. वहिनी भिंतीकडे तोंड करून पडलेल्या होत्या.

आत्यांनी पडद्यावरच्या शुक्रवारच्या रेघेकडे पुन्हा एकदा पाहिलं.

"तुमच्या भाच्यांचा फोन आला होता," मुलगी म्हणाली. "पण तुम्ही परवानगी दिल्याशिवाय आम्ही कुणाला काही सांगत नाही."

आत्यांनी पर्समागचा हात काढून कोरं मनगट तिच्यापुढे ठेवलं.

"हा पट्टा माझ्या हातावर नव्हताच, बाळ. माझ्या वहिनीच्या होता."

मुलगी मनगटाकडे बघतच राहिली. रागावली असावी, पण तिचा आवाज चढला नाही.

"मग त्यांना घेऊन या," ती म्हणाली. "लवकर या."

रिक्षात बसवेना म्हणून आत्या चालत निघाल्या. चालता चालता त्या वहिनींवर चिडल्या, मग स्वतःवर, मग एका सायकलवाल्यावर उगाचच खेकसल्या. पोरगा म्हणत होता तेच खरं होतं. आपण मोकळी हवा खात हिंडायचो आणि ही इथे जिवाला घोर लावून पडायची. आणि इतकी वर्षं ताकास तूर लागू दिली नाही बाईने!

घरी वहिनी मटार सोलत बसल्या होत्या.

"काय म्हणाली मुलगी?"

"ओंडका म्हणाली. हालचाल नाही."

"बघा! मी म्हटलं नव्हतं?"

"शुक्रवारी मात्र मला उशीर झाला, नाही?"

"हो ना, किती तो उशीर! मला तर वाटलं..." वहिनींचे हात थांबले. मग त्या पुन्हा भराभर सोलू लागल्या. दाणे सालांत पडत होते आणि सालं दाण्यांत.

तेवढ्यात फोन वाजला. भाचाच होता.

"आत्या, काय निघालं?"

सगळं छान आहे, एवढं म्हटलं की झालं असतं. मुलगी काही सांगणार नव्हती, वहिनी तर नव्हत्याच. आत्यांनी भिंतीला टेकलेला वहिनींचा पलंग पाहिला. मग घसा खाकरून त्यांनी एक्स्चेंजमधला जुना, सरळ आवाज काढला.

"तुझं खरं होतं. तुझी आई झोपत नाही, माझ्यामुळेच. येऊन घेऊन जा तिला."

वहिनी उठल्या. मांडीवरचे मटार घरभर सांडले. त्यांनी आत्यांच्या हातातून फोन ओढून घेतला.

"हे बघ, आत्याचं काही ऐकू नकोस. रात्री फिरतात आणि दिवसा बरळतात. मी कुठेही येणार नाही." पलीकडून तो काहीतरी समजावत राहिला. "झोप? तिकडे येऊन कसली झोप, राजा? तिथे मी कुणाची कडी वाजायची वाट बघू?"

त्यांनी फोन ठेवला. दोघी वाकून मटार वेचू लागल्या.

"सोंगाडी आहेस तू," आत्या म्हणाल्या. त्यांचे डोळे भरून आले होते. "एकदा तरी उठून मला अडवायचंस."

"मी जागी आहे हे कळलं असतं, तर तुम्ही गेलाच नसता. आत कोंडून पडला असता माझ्यासारख्या. एकीने तरी फिरावं."

"आता नाही जायची मी. पाय बांधून ठेवीन."

"पाय? तुमचे?" वहिनी हसल्या. त्या आत गेल्या आणि मुलाने पाठवलेले चालायचे बूट घेऊन आल्या. बुटांत अजून कागदाचे बोळे होते. ते काढून त्या नाडी बांधायला बसल्या.

"अगं, रात्रीला अजून वेळ आहे."

"रात्रीची वाट कोण बघतंय? चला."

आत्या सवयीने पुढे होऊन जिन्यात थांबल्या. मागे वहिनींनी दार ओढून कडी लावली. कडीचा एवढा आवाज होतो, हे आत्यांना आजवर माहीत नव्हतं.