प्राणशोधक, प्रमाण एकास एक

मन्मथ स्वामींना लातुरात एकही गोष्ट सरळ दिसत नसे. भूकंपाने भिंतींना तडे दिले ते त्यांनी एक वेळ माफ केले होते, पण नंतरच्या चार वर्षांत गावभर उगवलेल्या क्लासच्या पाट्या त्यांच्याने माफ होत नव्हत्या. अक्षरे एका अंगाला कललेली, वर रंगवलेल्या सरांचे डोळे एक वर एक खाली, आणि त्याखाली टक्क्यांची आरास. चौतीस वर्षे औशाच्या शाळेत चित्रकला शिकवलेला माणूस; रिक्षात बसला की नजर आपल्या गुडघ्यांवर ठेवूनच जायचा. बायको उमादेवी म्हणायच्या, ह्यांना देवाने डोळे दिले ते नाक मुरडायला.

आणि तरी निवृत्तीनंतर त्यांनी काम धरले ते क्लासचेच, तेही राघवेंद्र सरांकडे. हा राघवेंद्र औशाला त्यांच्याच वर्गात होता. चित्रकलेच्या एलिमेंटरी परीक्षेत दोनदा आपटलेला. त्याने फुलदाणी काढली की ती आता पडते की मग, असे वाटायचे. आता तो जीवशास्त्र शिकवायचा. नायगावहून, रेणापूरहून, थेट नांदेडहून आलेली दोन-दोनशे पोरे एका हॉलमध्ये कोंबलेली असायची, आणि सर आठ मिनिटांत माणसाचे हृदय उरकायचे. हृदयाचा तक्ता मात्र मन्मथमास्तरांनी काढलेला असे. सरांनी काढलेले हृदय वांग्यापासून वेगळे ओळखायला पोरांना आणखी एक शिकवणी लावावी लागली असती.

पण मास्तरांचे खरे काम घरी, मागच्या खोलीत चालले होते, आणि त्याचे मूळ भूकंपातच होते. धरणी हलली त्यानंतर दोन महिने त्यांची सगळी गल्ली मैदानावर पत्र्याच्या शेडमध्ये राहत होती. व्हिडिओ कॅसेटचे दुकान चालवणाऱ्या रामकिशनने आपला टीव्ही तिथे आणून मांडला होता. रविवारी सकाळी त्यावर एक हिंदी अंतराळ मालिका लागायची. भिकार मालिका. यानाची दारे पुठ्ठ्याची, कप्तानाचे पोट पट्ट्यावर आलेले, आणि परग्रह म्हणजे कुठली तरी खडीची खाण. कप्तानाकडे प्राणशोधक नावाचे एक यंत्र होते. एका रविवारी त्याने ते दगडांच्या ढिगावर धरले, तांबडा दिवा लुकलुकला, टुकटुक आवाज झाला आणि ढिगाखालून त्याचा सोबती जिवंत निघाला. शेडमधली शंभर माणसे एकदम गप्प झाली. एक बाई पदरात तोंड घालून रडायला लागली. मास्तर तेवढे हसले. ती पुरणयंत्राची जाळी हाय की, ते म्हणाले, आणि मूठ कोळशाच्या इस्त्रीची. कुणी त्यांच्याकडे वळूनही पाहिले नाही.

हसले खरे, पण ते यंत्र डोक्यातून जाईना. ज्याने कुणी ते मालिकेसाठी केले होते त्याने उघड कामचुकारपणा केला होता, रंगाचे ओघळसुद्धा पुसले नव्हते, आणि तरी त्या दळभद्री डब्याने शंभर माणसांचा श्वास रोखून धरला होता. चौतीस वर्षांत मास्तरांच्या एकाही चित्रापुढे कुणी असे गप्प झाले नव्हते. त्यांना याचा मनापासून राग आला. हीच वस्तू आपण बिनचूक करायची, आणि लोकांनी तिच्यापुढे थांबावे, वाकावे, नीट पाहावे, एवढेच त्यांना आयुष्यात आता हवे होते. हे त्यांनी उमादेवींनाही सांगितले नाही.

रामकिशनकडे त्या भागाची कॅसेट होती. मास्तर चित्र थांबवायचे, पडद्याला बटर पेपर चिकटवायचे आणि पेन्सिलीने गिरवायचे. थांबवलेले चित्र थरथरायचे, म्हणून एकेक रेघ वीस-वीस वेळा काढावी लागे. माप मात्र सापडेना. टीव्हीत हत्तीही वीतभरच असतो. मग एके दिवशी त्यांना दिसले की कप्तान यंत्र ज्या खिळ्याला टांगतो, त्याच्या शेजारीच भिंतीवर घरोघरी असतो तसा काळा गोल स्विच आहे. परग्रहावर निघालेल्या यानात कुणी तरी विजेचे बटण विसरून राहिले होते. मास्तर त्या मूर्खपणावर दिवसभर खूश होते. त्यांनी घरातला स्विच मोजला, पडद्यावरचा मोजला, त्रैराशिक मांडले आणि कागदाच्या कोपऱ्यात सुबक अक्षरात लिहिले : प्रमाण एकास एक.

पुढे अठरा महिने गेले. आत सागवानाचा ठोकळा, त्यावर लांबीचा गुळगुळीत लेप, त्यावर चंदेरी रंगाचे सात हात. दिवा मोपेडच्या इंडिकेटरचा, मूठ जुन्या बाजारातल्या इस्त्रीची. जाळ्या तीन विकत आणल्या, पण एकीचीही छिद्रे जुळेनात. शेवटी जुळली ती उमादेवींच्या माहेरून आलेल्या पुरणयंत्राची. होळीला त्यांनी सगळे डबे उपसले, शेजारणीवर संशय घेतला आणि अखेर पुरण पाट्यावर वाटले. मास्तरांनी दोन पोळ्या जास्त खाल्ल्या आणि पुरण जरा भरड राहिले असा शेरा मारला.

तक्ते न्यायला आलेल्या राघवेंद्र सरांनी ते यंत्र पाहिले तेव्हा ते बोलता बोलता थांबले, आणि वाकले. मास्तरांना तेवढ्यानेच भरून आले. ज्या पोराच्या फुलदाण्या कलंडायच्या त्याला आपण सरळ रेघ दाखवली, असे त्यांना वाटले. सरांनी क्लासच्या दारात काचेची पेटी देऊ केली, आत ट्यूबलाइट. मास्तरांनी पेटीत ठेवायला चिठ्ठी लिहून दिली : टीव्ही मालिकेतील यंत्राची प्रतिकृती, प्रमाण १:१, मन्मथ स्वामी.

तीस सप्टेंबरला, भूकंपाला चार वर्षे झाली त्या दिवशी, सरांनी श्रद्धांजलीचा कार्यक्रम ठेवला आणि त्यातच पेटीचे उद्घाटन उरकले. चिठ्ठी नव्हती. तिच्या जागी सोनेरी अक्षरांची पाटी होती : ढिगाऱ्याखालील जिवंत माणूस शोधणारे यंत्र, संशोधन राघवेंद्र सर व विद्यार्थी. वार्ताहराने फोटो काढला. मास्तर सरांना बाजूला घेऊन तणतणले, तर सर त्यांच्या खांद्यावर हात ठेवून हळूच म्हणाले की प्रतिकृती वगैरे लोकांना कळत नाही, आणि पाटी काढायची तर पेटीही काढावी लागेल, तेवढीच जागा मोकळी होईल.

मास्तरांनी पेटीकडे पाहिले. रांग लागली होती. माणसे पुढे येत होती, वाकत होती, गप्प होत होती. या गाढवांना काय कळतंय, ते मनात म्हणाले, ह्यांना खरे सांगून तरी काय दिवे लागणार आहेत. आणि तोंड मिटून ते वरच्या खोलीत मूत्रपिंड रंगवायला निघून गेले. जन्मभर जगाला तुच्छ लेखले होते, ते त्या दिवशी असे कामी आले.

चौथ्या दिवशी बॅच सुटायच्या वेळी एक बाई दारात आली. पन्नाशी उलटलेली, धुतलेले पातळ, हातात वर्तमानपत्राचे चौकोनी घडी घातलेले कात्रण. औशाच्या पलीकडच्या पुनर्वसन वसाहतीतून ती एसटीने आली होती, नाव नागुबाई. ॲडमिशनला आलेले आई-बाप आणि जिन्यावर थांबलेली पोरे यांच्यातून वाट काढत ती थेट पेटीपुढे गेली आणि सरांना म्हणाली की तिला एकच विचारायचे आहे. जिन्याच्या वरच्या पायरीवर मास्तर हातात ब्रश धरून उभे होते. आली एक, सर आता हिलाही चढवतील हरभऱ्याच्या झाडावर, असे मनाशी म्हणत ते मजा बघायला थांबले.

“आमचं गाव गेलं तवा माझा भीमा खाली व्हता,” नागुबाई म्हणाली. “मला दीड दिस त्याचा आवाज येत व्हता. मी सांगत व्हते, हितं उकरा, हितं उकरा. लोक म्हणले, भास हाय तुला, एवढ्या दगडमातीखालून आवाज येत नसतो. मग त्येंनी दुसरीकडं उकरलं.” तिने कात्रण उलगडून पेटीच्या काचेशी धरले. “ह्या मशीनला खालच्याचा आवाज येतो म्हणतेत. मशीनला येत आसंल, तर मला बी आला आसंल का? तेवढंच सांगा.”

सरांनी आधी आई-बापांकडे पाहिले. मग वर्गात बोलतात त्या आवाजात त्यांनी समजावले, की मावशी, हे विज्ञान आहे. आपल्या यंत्राला वीस फुटांखालचा श्वास कळतो, पण माणसाच्या कानाची ती ताकदच नाही. म्हणून तर यंत्र लागते. तुम्हाला झाला तो भासच, दुःखात होतो तसा. आई-बापांपैकी दोघांनी मान डोलावली. नागुबाईने कात्रणाची घडी पुन्हा घातली, आधी होती तशीच, आणि ती खाली बघत उभी राहिली.

मास्तरांना लाज वाटली. अशी लाज त्यांना कधी वाटली नव्हती, कारण ती नेहमी दुसऱ्यांची वाटायची. ते जिना उतरले, पेटीची काच सरकवली आणि यंत्र बाहेर काढले. मास्तर, काय करताय हे, सर दातओठ खात पुटपुटले. मास्तरांनी खिशातली पोलादी पट्टी काढली आणि तिच्या कडेने जाळीचे चार स्क्रू सोडवले. सात हातांचा रंग जाळीच्या कडेने तडकला. लांबीचे तुकडे फरशीवर पडले. जिन्यावरचे एक पोर फिदीफिदी हसले, आणि कुणीच साथ दिली नाही तेव्हा थांबले.

त्यांनी जाळी नागुबाईच्या हातात दिली. “वळखा बरं, काय हाय.”

तिने ती उलटून पाहिली. “पुरणाची जाळी.”

“आन् हे आत बघा. लाकूड हाय निस्तं. टीव्हीत एक बिनकामाचं यंत्र व्हतं, ते बघून मी केलं. सरांनी न्हाई, मी. ह्याला वीस फुटांचं काय, ह्याच्या कानाशी वरडलं तरी ऐकू येत न्हाई.”

आई-बापांत कुजबुज सुरू झाली. उद्यापासून येऊ नका, सर म्हणाले, आणि मग मोठ्याने हसून लोकांना सांगू लागले की वय झाले की असे होते. मास्तरांनी ते ऐकले की नाही कोण जाणे. ते नागुबाईकडे बघत होते. ती जाळीकडे बघत होती.

“मग मशीन खोटं हाय,” ती सावकाश म्हणाली. “म्हंजे मी ऐकलं ते बी खोटंच की.”

दगडमातीतून आवाज किती वर येतो, हे मास्तरांना माहीत नव्हते. ठाऊक नाही, हेच बिनचूक उत्तर होते. पट्टी लावल्याशिवाय त्यांनी आयुष्यात एक रेघ ओढली नव्हती, आणि जे ओढतात त्यांना वर्गाबाहेर उभे केले होते.

“मशीन खोटं हाय, बाई,” ते म्हणाले. “तुमी ऐकलं ते खरं हाय. भीमा बोलत व्हता.”

नागुबाईने पदराच्या टोकाने जाळीवरची चंदेरी पुसायचा प्रयत्न केला. छिद्रांतली निघेना. तिने जाळी मास्तरांना परत दिली आणि म्हणाली की घरी द्या, सणाला लागेल. दारापर्यंत जाऊन ती थांबली.

“हे तवा एकानं म्हणायला पायजे व्हतं,” ती म्हणाली, आणि औशाची गाडी गाठायला निघाली.