अवुओरचा हंबरडा

नैरोबीतल्या एका टीव्ही केंद्रात ओलुओच आवाजांचा संग्रह सांभाळायचा. पाऊस, कोंबडे, बाजार, लग्नातला गोंगाट. मालिकावाल्यांना जो हवा तो आवाज शोधून द्यायचा. मालिकेत कोणी मेलं की ते एकच टेप मागत: ‘बाईचा हंबरडा, सरोवराकाठी’. कुठल्याही नटीला तसं रडणं जमत नव्हतं.

एका सकाळी सरोवराकाठच्या होमा बे गावची एक म्हातारी दारात उभी राहिली. बसमध्ये बसून तिचे पाय सुजले होते.

“मी अवुओर. टीव्हीत रडते ती मीच.”

“मावशी, नट्यांचं ऑफिस वर आहे.”

“नटी कुठली रे! माझा ओकेयो होडीबरोबर बुडाला, तेव्हा तुमचे बातमीवाले किनाऱ्यावर आले होते. आता मालिकेत कोणाची सासू मेली तरी मीच रडते, चोर मेला तरी मीच. नातवंडं विचारतात, आजी, आज कोणासाठी?”

ओलुओचने तिला खुर्ची दिली आणि मूळ टेप लावली. वारा, लोकांची कुजबुज, मग तिचा आवाज. “ओकेयो, ये रे, जेवण निवतंय!”

अवुओरने अंगावरच्या कापडाचं टोक तोंडावर धरलं.

“हेच कापतात मेले! पोराचं नाव राहू द्या, नाहीतर माझं रडणंही वाजवू नका.”

ओलुओच साहेबाकडे गेला. साहेब म्हणाला, “नाव राहू दिलं तर मालिकेत चालेल का? आणि असा आवाज पुन्हा कुठून आणायचा?”

तरी ओलुओचने संग्रहातला तो आवाज पुसला आणि टेप म्हातारीच्या हातात दिली. मग एकेका मालिकावाल्याला फोन करून त्याच्याकडची प्रतही पुसायला विनवलं. काही हो म्हणाले. एकजण हसला.

पुढे एका संध्याकाळी घरी मालिका चालू होती. गावचा मुखिया मेला आणि तोच हंबरडा उठला. ओलुओचच्या बायकोने डोळे पुसले. “किती खरं रडते, नाही?”

त्याच्याने तिथे बसवेना. बाहेर जाऊन त्याने अवुओरला फोन लावला.

“मावशी, मला नाही थांबवता आलं.”

“ठाऊक आहे,” ती म्हणाली. “माझी बहीण गेली परवा. मी रडायला लागले, तर बायका एकमेकींना कोपरं मारायला लागल्या. म्हणाल्या, हिचं तर टीव्हीतलं रडणं. मग गप्प बसले. माती होईपर्यंत तोंड उघडलं नाही.”