चवळीखाऊचं मरण

सरकारनं देशातल्या सगळ्या शिव्या राजधानीत नेल्या, त्या वर्षापासून सिराबुगू गावात माणसं मरून पुरी मरेनाशी झाली.

शिव्या म्हणजे आयाबहिणींवरून दिलेल्या नव्हेत हो. आफ्रिकेच्या त्या पश्चिमेकडच्या मुलखात कुळाकुळांत थट्टेचं नातं असतं. कोने कुळातल्यानं कुलिबाली कुळातला दिसला रे दिसला की त्याला ‘चवळीखाऊ’ म्हणायचं. कुलिबालीनं उलट ‘माझा गुलाम’ म्हणायचं. बाजारात, लग्नात, मशिदीच्या दारात, कुठंही. राग धरायचा नाही, आणि धरलाच तर त्याचीही चेष्टा होणार. दोन घरांत भांडण पेटलं तर असा एखादा कोने मध्ये घुसून चार शिव्या हासडायचा, की भांडणारेच पोट धरून हसायचे. आणि कुलिबाली मेला तर त्याच्या हक्काच्या कोनेनं यायचं, मेलेल्याचे कपडे अंगावर चढवायचे, त्याच्यासारखं खोकायचं, त्याच्यासारखं फेंगडं चालायचं, त्याच्या कबरीत आडवं पडून अडून बसायचं आणि शेवटी त्याच्या तोंडावर त्याला शिवी द्यायची. मंडळी हसली की माती त्याला पोटात घेते. बाकी नमाज, प्रार्थना सगळं झालं तरी हे राहिलं तर राहिलंच.

एका पहाटे जुने अध्यक्ष विमानात बसून गेले आणि दुपारी रेडिओवर कर्नल आले. कर्नलांना संस्कृतीचा भारी पुळका. सरकारी माणसं वाळक्या भोपळ्याचे पोकळ तुंबे घेऊन गावोगाव फिरली. म्हणाली, “थट्टेच्या शिव्या हा देशाचा ठेवा आहे. तुमच्या तोंडात तो खराब होतो. इथं बोला, आम्ही जपून ठेवतो.”

न्येबा कोने चौकात चवळीची भजी तळायची. कढईतला झारा बाजूला ठेवून तीही तुंब्यात बोलली. सरकारी माणसानं बूच घट्ट लावलं. तिला तोंडातून दात पडावा तसं रिकामं वाटलं, एवढंच.

पुढच्याच आठवड्यात न्गोलो कुलिबाली वारला. न्गोलो म्हणजे कडुनिंबाखाली ऐरण मांडून बसणारा लोहार. रोज सकाळी न्येबाची भजी खायची आणि तिलाच नावं ठेवायची, यात त्याचा जन्म गेला. कफन झालं, कबर कमरेइतकी खणली. पण न्गोलोला उतरवायला घेतलं की तळ वर यायचा आणि कबर ताटाएवढी उथळ व्हायची. पुन्हा खणली, पुन्हा वर आली.

न्गोलो उठून बसला.

“जागा नाही,” तो म्हणाला. “बोलवा त्या गुलामाला. कच्ची भजी विकत बसली असेल.”

त्याच्या शिव्या शाबूत होत्या. सरकारचा हुकूम जित्यांपुरता होता. मेलेला माणूस काय बोलतो याची कुठल्याही सरकारला फिकीर नसते.

न्येबा धावत आली. तिनं त्याचा जळक्या बाह्यांचा अंगरखा चढवला, त्याच्यासारखी खोकली, फेंगडी चालली, आणि शिवी द्यायला तोंड उघडलं. तोंडातून आलं ते रेडिओवरचं, “आपण सगळे एक आहोत.”

कोणी हसलं नाही. ती पुन्हा ओरडली, “आपण सगळे एक आहोत!” आणि स्वतःच्याच थोबाडीत मारून घेतली.

“हे बरं नाही केलंस, न्येबा,” न्गोलो म्हणाला. त्यानं तिला नावानं हाक मारायची ही पहिलीच वेळ.

मग तो कडुनिंबाखाली आपल्या जुन्या बाकावर जाऊन बसला. त्याच्यामागून शाळामास्तर वारले, मग विणकराची म्हातारी वारली, आणि दोघंही घरी परत आली. मेलेले तक्रार करत नव्हते, जागा मात्र अडवून बसत. वर्षभरात घराघरातल्या खाटा त्यांनी भरल्या. जिती माणसं भिंतीला टेकून उभ्यानं झोपायला लागली. सूनबाई कण्या शिजवायची तर चुलीशी सासरा बसलेला, नाकात कापूस घालून. सरकून बसा म्हणायचीही चोरी.

“झोप येते गं,” न्गोलो म्हणायचा. “डोळे जड होतात आणि लागत मात्र नाहीत. गुलामा, काहीतरी कर.”

“आणते तुझी शिवी,” न्येबा म्हणाली. “माझीच आहे, मीच आणते.”

राजधानीत राष्ट्रीय वारसा भवन होतं. आत फळ्यांवर तुंबेच तुंबे, प्रत्येकावर झगझगीत दिवा. परदेशी पाहुणे तुंब्याला कान लावत आणि तोंडाला रुमाल लावून हसत. न्येबाला आपला तुंबा लांबूनच ओळखू आला. त्याला तळणाचा वास येत होता.

“मावशी, हात लावायचा नाही,” कोवळ्या मिशांचा पहारेकरी म्हणाला.

“माझी शिवी आहे ती.”

“होती. आता सगळ्यांची आहे.”

“सगळ्यांची ना? मग मला दे.”

“सगळ्यांची म्हणजे कोणाला द्यायची नाही,” तो म्हणाला. पोरगा वाईट नव्हता, त्याला तसंच शिकवलं होतं.

न्येबानं दातांनी बूच उपटलं आणि तुंबा तोंडाला लावला. शिवी कोमट होती. एकच होती आणि एकदाच बोलता येणार होती, हे तिला जिभेवर पडताक्षणी कळलं. तिनं ती गालात धरली आणि ओठ मिटले.

शिपायांनी तिला धरलं. तुरुंगात नेतील असं तिला वाटलं होतं, पण त्यांनी जिन्यानं वर नेलं. प्रत्येक मजल्यावर छत आणखी खाली येत होतं. शेवटी ती रांगत एका दालनात शिरली. तिथं कर्नल बसले होते.

कर्नल मरून वर्ष होत आलं होतं. सगळ्या देशाला ठाऊक होतं. बोलायची सोय नव्हती इतकंच. छातीवर पदकं, नाकात कापूस, दोघं जण माश्या वारत होते. खुर्चीमागं एक मेजर उभा होता. त्याच्या अंगावर कर्नलांचाच गणवेश होता, आणि तो कर्नलांसारखाच घसा खाकरत होता.

“मावशी,” कर्नल म्हणाले, “मी कुलिबाली आहे.”

झालं! न्येबाच्या गालातली शिवी जाळ्यातल्या मासोळीसारखी तडफडायला लागली. समोर कुलिबाली, आणि तोंडात कोनेची शिवी. ती कशी गप्प बसेल? न्येबानं दातावर दात दाबले. दोन्ही हातांनी जबडा धरला.

“मला झोपू दे,” कर्नल म्हणाले. “हुकूम समज. विनंती समज.”

हा पुरता मेला तर देश सुटेल का? तिनं मेजरकडे पाहिलं. मेजर खुर्चीची पाठ बोटांनी चाचपत होता. कसला सुटतोय! मढ्यावर मढं बसायचं, दुसरं काय? आणि तिकडं कडुनिंबाखाली न्गोलो डोळे ताणून बसलेला. नाही, मेल्या, तुझ्यासाठी नाही आणली मी, असं तिला कर्नलांच्या तोंडावर सांगायचं होतं.

‘नाही’ म्हणायला तिनं तोंड उघडलं, आणि शिवी सुटली.

“चवळीखाऊ! मेलाबिला काही नाहीस तू, फुकट जेवायला आडवा पडलायस!”

दालन हसलं. शिपाई हसले, माश्या वारणारे हसले, कर्नल तर डोळ्यांत पाणी येईतो हसले आणि हसता हसता मान टाकून पुरते मेले. मेजरनं त्यांना बगलेत धरून खाली सरकवलं आणि स्वतः बसला.

“त्या तुंब्याला नवं बूच लावा,” तो म्हणाला. “आणि मावशींना घरी सोडा. त्यांनी देशाची सेवा केली आहे.”

दालनाचं दार थेट कडुनिंबाखालीच उघडलं. न्गोलो बाकावरून अर्धा उठला.

“आणलीस?”

“आणली होती. दुसऱ्या चवळीखाऊनं खाल्ली.”

“कोण तो?”

“कर्नल.”

न्गोलो पुन्हा बाकावर बसला. “तुझी कच्ची भजी जन्मभर मी गिळली,” तो म्हणाला, “आणि मरण त्याला?”

न्येबा ऊर फुटेस्तो रडली. ज्याला द्यायचं त्याला देता आलं नाही आणि ज्याला द्यायचं नव्हतं तो घेऊन गेला. रडून रडून घसा बसला, तेव्हा तिला आठवलं की रीत अजून पुरी झालेली नाही. थट्टेच्या माणसानं कबरीत आडवं पडायचं असतं, ‘ही जागा माझी, मी उठत नाही’ म्हणून अडून बसायचं असतं. त्याला शिवी लागत नाही. बिनशिवीचं तर बिनशिवीचं. निदान लोक हसतील आणि त्या हसण्यावर न्गोलोचं भागेल.

तिनं त्याचा अंगरखा चढवला आणि त्या ताटाएवढ्या उथळ कबरीत जाऊन पडली. डोकं बाहेर, पाय बाहेर. ती न्गोलोसारखी खोकली. जिते जमले, मेलेले जमले. कोणाच्या चेहऱ्यावरची सुरकुती हलली नाही.

न्गोलो वाकून बघायला आला. आता कुलिबालीच तो. कोने त्याच्या कबरीत उताणी पडलेली आणि त्याची जीभ मोकळी. तो तरी काय करणार?

“बघा रे बघा!” तो ओरडला. “मालकाच्या आधी गुलाम झोपली! कामचुकार मेली!”

लोक हसले. वर्षभर कोंडलेलं हसू होतं ते, थांबेना. मास्तर हसले, विणकराची म्हातारी हसली, लेकुरवाळ्या एकमेकींना धरून हसल्या. न्येबाही हसली, आणि तिच्या पाठीखालची माती मऊ झाली. कबरीच्या कडा वर जायला लागल्या. कबरीला माणूस कुठला कळायला, तिला शिवी कळते.

“अरे, मी नव्हे!” न्येबा ओरडली. “तू! तू ये!”

न्गोलोनं पोटावर पडून हात खाली घातला. तिची बोटं त्याच्या बोटांना लागली, मग नुसती नखं लागली, आणि वर लोक हसतच होते.