काठावरच्या बंगल्याच्या एकोणतीस पायऱ्या

मित्रांनो, वयाने मी नऊ वर्षांचा, तुमच्यातल्या काहींपेक्षा लहानच. पण अंगावरच्या भेगा मोजायला बसलात तर मला आजोबा म्हणाल. शहापूर तालुक्यात धरणाच्या पाण्याला लागून उभा असलेला तीन मजली बंगला, तो मी.

माझा जन्मच दणक्यांत झाला. टेकडी सपाट करायला सात सुरुंग लावले. तिसऱ्याने एका गड्याची दोन बोटं नेली, पाचव्याने शेजारच्या पाड्यातल्या चार घरांची कौलं. भरपाई म्हणून पेढे वाटले. वास्तुशांतीला दोनशे पाहुणे आले. "महालच की हो!" म्हणाले, आणि बहुतेकांनी माझ्याकडे पाठ करून पाण्याबरोबर फोटो काढले. माझे मालक कल्याणचे प्रणयशेठ. मोठा हसरा माणूस, पण आमटीत मीठ कमी पडलं की ताट भिंतीवर. जेवणघरात असे अकरा खड्डे आहेत. दर वेळी वरून रंग फासून मला गप्प केलं गेलं.

माझी राखण करायचा मंगळू. तो मुरबाडकडच्या वैशाखऱ्याचा, गेल्या दिवाळीतच इथे कामाला आलेला. शेजारच्या पाड्यात त्याची मावशी राहते, गिरजा.

या पाड्याचं जुनं गाव धरणात बुडालेलं आहे. उन्हाळ्यात पाणी उतरलं की घरांची जोती उघडी पडतात, आणि त्यांच्या मधोमध वाघोबाचा दगड. देव जागेवरून हलवायचा नाही, म्हणून धरण आलं तेव्हाही त्याला तिथेच ठेवला. पाण्याखाली त्याचा शेंदूर धुऊन जातो. मग पेरणीच्या तोंडावर पाड्यातले लोक जाऊन त्याला नव्याने शेंदूर लावतात, कोंबडा देतात आणि त्यानंतरच भात पेरतात. शेंदराचा मान गिरजाच्या घराचा.

यंदा शेठना मुलीच्या साखरपुड्यासाठी थेट पाण्यापर्यंत दगडी पायऱ्या हव्या झाल्या. मंगळूने ट्रॅक्टर खाली घातला आणि जोत्यांचे दगड उचलून आणले. त्यांत वाघोबाही आला. अंगावर शेंदूर नाही, परगावच्या मंगळूला तो कसा कळणार? कारागिराने छिन्नीने तासून सगळे दगड सारखे केले. एकोणतीस दगड, एकोणतीस पायऱ्या.

साखरपुड्याच्या आदल्या सकाळी गिरजा फाटकात उभी राहिली. मागे सगळा पाडा.

"मंगळू, आमचा वाघोबा कुठंय रे?"

"मला काय म्हाईत, मावशे? मी नुसते दगड आनले."

"कुठशी आनले?"

मंगळूने पाण्याकडे बोट केलं आणि बोट करता करता त्याचाच चेहरा उतरला. मावशीने त्याच्या अशी थोबाडीत दिली की गच्चीवरची कबुतरं उडाली.

"आता पेरनी कशी करायची? तुझ्या शेठचा साखरपुडा पेरू का शेतात?"

शेठ बाहेर आले. "अगं बाई, सगळे दगड तासून झालेत. आता कसला देव त्यात? दुसरा मांडा. कोंबडा माझ्याकडून."

"बाप मेला तर दुसरा मांडतोस काय रे शेठ?"

साखरपुड्यासाठी आणलेल्या दोन रखवालदारांकडे पाहून शेठनी मान हलवली. पहिली काठी गिरजाच्या मनगटावर बसली. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकलाय. दुसरी उगारली तेव्हा मंगळू मध्ये शिरला, काठी हिसकावली आणि शेठच्या गुडघ्यावर घातली. मग दगड सुटले. माझ्या पस्तीस काचा फुटल्या, मांडव आडवा झाला, एका रखवालदाराचं डोकं फुटलं, दुसरा कपड्यांनिशी पाण्यात पळाला. शेठ लंगडत गाडीत शिरले.

लोक पहारी घेऊन पायऱ्यांपाशी आले आणि थबकले.

"यातला आपला कुठला गो?" म्हाताऱ्या महादूने विचारलं.

मोडका हात पोटाशी धरून गिरजा एकेक दगड चाचपत खालपर्यंत उतरली. तशीच पुन्हा वर आली. "नाय वळखत मी," ती म्हणाली, आणि हाड मोडूनही न रडलेली बाई तेव्हा रडली. मग पदराने तोंड पुसलं. "सगळेच काढा. त्यातला एक तरी तो हाय ना."

एकोणतीस दगड निघाले. पहारीचा प्रत्येक घाव माझ्या पायात उतरत होता. त्यांनी ते जुन्या जागी नेले, ओळीने मांडले आणि सगळ्यांना शेंदूर लावला. संध्याकाळी पोलीस मंगळूला न्यायला आले.

"थोबाडीत दिली ती मनाला लावू नको रे," गिरजा म्हणाली.

"तू हात बांधून घे आधी," तो म्हणाला आणि गाडीत चढला.

पाड्याची पेरणी झाली. आता पाणी चढलंय. पायऱ्या उखडल्या तिथली माती रोज ढासळते. पाण्याकडची माझी भिंत तीन बोटं कलली आहे. शेठ फिरकत नाहीत. पुढचा पावसाळा मी पाहीन असं मला वाटत नाही.

मित्रांनो, तुम्हीही मोठे व्हाल, घरं बांधाल. खुशाल माझ्याहून मोठी बांधा. फक्त दगड उचलायच्या आधी एक हाक मारा: "हा कुणाचा आहे का?" मंगळूने हाक मारली असती, तर ऐकायला गिरजा दोन शेतं पलीकडेच होती.